खडू खाली ठेवा, बाबा

"ठेवा तो खाली," असं मी बाबांना म्हणाले. शब्द तेवढेच. पण आवाज जो लागला तो मी एरवी माझ्या दहा वर्षांच्या मुलासाठी राखून ठेवलेला आहे, तोही त्याने दुकानातल्या काचेच्या वस्तूला हात लावला तरच. बाबा शहात्तर वर्षांचे. पायवाटेच्या कडेला वाकून त्यांनी लिंबाएवढा एक पांढरा दगड उचलला होता, नखाने खरवडून पाहिला होता, आणि त्यांचा चेहरा असा उजळला होता जसा मी कित्येक वर्षांत पाहिला नव्हता. "अगो, हा तर खडू!" छत्तीस वर्षं ज्या माणसाने रत्नागिरीच्या आसपासच्या शाळांतून फळ्यावर लिहिलं, त्याला अख्खा डोंगर खडूचा आहे हे कळल्यावर दुसरं काय होणार? आणि मी म्हणाले, ठेवा तो खाली, इथलं काही उचलायचं नसतं.

त्यांनी ठेवला. वाद नाही, हसणं नाही. शेजाऱ्याकडून आणलेलं भांडं परत करावं तसा, जिथून घेतला होता त्याच खळग्यात. मग दोन्ही हात एकमेकांवर थप-थप झटकले. तास संपल्यावर वर्गाबाहेर येताना झटकायचे तसे. बारीक पांढरी धूळ वाऱ्यावर गेली.

खरं कारण नियम नव्हता. मागून एक इंग्रज जोडपं कुत्रं घेऊन येत होतं, आणि त्यांनी आपल्याला पाहिलं तर, एवढंच माझ्या डोक्यात होतं. त्यांनी पाहिलं नाही. कुत्र्याने पाहिलं असेल.

ही टेकडी म्हणजे व्हाइट हॉर्स हिल, अफिंग्टन गावाच्या डोक्यावरची. आम्ही राहतो स्विंडनला, तिथून गाडीने अर्ध्या तासावर. इतकी वर्षं लंडनच्या गाडीने जाता-येता ती मला खिडकीतून दिसायची: सपाट हिरव्या शेतांपलीकडे दक्षिणेला एक लांबलचक डोंगरकड, आणि तिच्यावर कुणीतरी घाईत खडूने ओढलेल्या चार-पाच रेघा. एवढं दिसेपर्यंत गाडी पुढे जाते. मग फोनमध्ये तोंड. ज्याच्या शेजारी राहतो ते पाहायला पाहुणे यावे लागतात, हे काही मलाच लागू नाही. रत्नागिरीच्या किती जणांनी थिबा पॅलेस पाहुणा आल्याशिवाय पाहिलाय?

आई-बाबा तीन महिन्यांसाठी आले होते. आईचं बस्तान आठवड्यात बसलं. स्विंडनमध्ये गोंयकारांची मोठी वस्ती आहे, आमच्या शेजारची बाई सासष्टीची, आणि आईचं मालवणी आणि तिची कोंकणी कुंपणावरून अशी काही जुळली की तिसऱ्या दिवशी मला माझ्याच परसातली बातमी आईकडून कळायला लागली. बाबांचं तसं नव्हतं. ते सकाळी आंघोळ करून, शर्टाचं वरचं बटण लावून खिडकीशी बसायचे आणि बाहेरच्या आकाशाकडे, हजेरी घ्यायची राहिलीय अशा नजरेने पाहायचे. एकदा म्हणाले, "इथे डोंगर नाही का गो एकही? डोळा टेकायला काही नाही."

म्हणून निघालो. वाटेत लाँगकॉटच्या बाजूला गाडी थांबवली, कारण त्या रेघांचा पांढरा घोडा जवळजवळ पूर्ण दिसतो तो तिथूनच, खालून. आईने डोळ्यांवर हात धरून पाहिलं. लांब, बारीक, एका झटक्यात ओढलेली पाठ, तीच पुढे शेपटी झालेली. पाय चार, पण त्यांतले दोन अंगाला चिकटलेले नाहीतच, हवेतच सुटे. तोंडाला चोच असावी तसं काहीतरी, आणि एक वाटोळा डोळा. सगळं मिळून ११० मीटर. "हे मांजर आहे," आई म्हणाली. तिला दोष देता येत नाही. हा घोडा की कुत्रा की आणखी काही यावर इथे शहाण्यासुरत्या माणसांनी वाद घातलेत. गुडघ्यांमुळे आई वर येणार नव्हती. ती आणि माझा नवरा खालीच थांबले, थर्मास आणि शेजारणीने दिलेली बिबिंका घेऊन. मुलगा आईसोबत राहिला. बिबिंकेसाठी, हे उघड आहे.

बाबांना भूगोल शिकवायची सवय, त्यामुळे गाडीतूनच त्यांचा तास सुरू झाला होता, फक्त या वेळी प्रश्न ते विचारत होते. खालचा सगळा सपाट प्रदेश, ज्याला व्हेल ऑफ व्हाइट हॉर्स म्हणतात, तो चिकणमातीचा. जड, करडी, पाणी धरून ठेवणारी माती. कुरणं, गाई, ओहोळांच्या कडेने विलोची झाडं, आणि मधून वाकडीतिकडी वाहणारी ऑक नावाची नदी, जी पुढे थेम्सला मिळते. मग जमीन किंचित चढते, हिरवट वालुकाश्माची एक पायरी लागते, आणि त्या पायरीवर सुईत ओवावीत तशी गावं: ॲशबरी, कॉम्प्टन बीचम, वूलस्टोन, अफिंग्टन जरा खाली, किंग्स्टन लाइल. आणि त्यांच्या लगेच पाठीशी एकदम उभा चढ. "गावं ओळीत का?" बाबांनी विचारलं आणि मी उत्तर द्यायच्या आत स्वतःच म्हणाले, "पाणी."

बरोबर. खडूचा खडक म्हणजे टीपकागद. वर पडलेला पाऊस तो पिऊन टाकतो, माथ्यावर एक ओढा नाही, विहीर खणायची तर किती खोल जावं लागेल ते सांगता येत नाही. ते पाणी खाली-खाली झिरपत जातं आणि जिथे पाणी न सोडणारा थर लागतो तिथे डोंगराच्या पायथ्याशी झरे होऊन फुटतं. वूलस्टोनला रस्त्याकडेच्या खळग्यातून असं पाणी वाहताना ऐकू येतं, इतकं थंड आणि स्वच्छ की त्यात हात घालून पाहिल्याशिवाय पुढे जाववत नाही. आमच्या सड्याचं असंच तर आहे! वर जांभा, भोकाभोकांचा, पावसाळ्यात पाणी गिळणारा; मेमध्ये वर कातळ तापून भाजतो, पण सड्याच्या पायथ्याला, जांभा संपून चिकणमाती लागते तिथे झरा असतो, आणि झऱ्याला धरून वाडी. बाबांनी गाडीच्या काचेवर बोटाने छेद काढून दाखवला: वर सडा, खाली झरा, झऱ्याशी वाडी, पुढे भाताचा मळा. मग तोच छेद पुन्हा काढला आणि म्हणाले, "नावं बदला. झालं."

मी त्यांना इथल्या गावांच्या हद्दींचं सांगितलं. नकाशावर त्या विचित्र दिसतात, रुंदीला अगदी कमी आणि उत्तर-दक्षिण मैलोन् मैल लांब, उभ्या चिरफाळल्यासारख्या. कारण प्रत्येक गावाला थोडी खालची ओली कुरणं हवी, थोडी मधली नांगरटीची जमीन, आणि वर मेंढ्यांना चरायला थोडा माळ. "म्हणजे प्रत्येकाला थोडा मळा, थोडं वरकस," बाबा म्हणाले, "भाऊबंदकीत आमचे आजोबा असंच वाटून घेऊन बसले. म्हणून आज कुणालाच धड काही करता येत नाही." इंग्लंडच्या हजार वर्षांच्या जमीनवाटपावर एवढं नेमकं भाष्य मी कुठे वाचलेलं नाही.

आता 'टेकडी' या शब्दाबद्दल. माथ्यावर सर्वेक्षणाचा सिमेंटचा खांब आहे, उंची २६१ मीटर. ऑक्सफर्डशर परगण्यातली ही सर्वांत उंच जागा. १९७४ पर्यंत ती शेजारच्या बर्कशरमध्ये होती. मग सरहद्दी बदलल्या आणि डोंगर जागचा न हलता दुसऱ्या जिल्ह्याचा मानकरी झाला. बाबा खांबाला हात लावून उभे राहिले, आणि सौजन्याने काही बोलले नाहीत. सह्याद्री पाहिलेल्या माणसाला हे म्हणजे डोंगराच्या नावाखाली उशी दाखवल्यासारखं. कुठे कडा नाही, सुळका नाही, काळा कातळ नाही, करवंदीची जाळी नाही. सगळं गुळगुळीत, मेंढ्यांनी दाढी केल्यासारखं. दक्षिणेला तर उतार इतका मंद की डोंगर कधी संपला ते कळतही नाही. उत्तरेला मात्र अचानक पायाखालची जमीन निघून जाते. झोपलेल्या जनावराची एक बाजू उशीत रुतलेली आणि एक बाजू ताठ, तसं. या खडूच्या डोंगररांगांना इथे 'डाउन्स' म्हणतात. डाउन म्हणजे खाली ना? मग वर कसे? जुन्या इंग्रजीत 'दून' म्हणजे टेकडी, तो शब्द तसाच राहिला. बाबांना हे फार आवडलं. "वर चढायचं आणि खाली म्हणायचं," ते दोन-तीनदा स्वतःशीच म्हणाले.

पण उशी म्हटलं तरी वारा उशीचा नाही. वर पोचलात की तो थेट छातीवर येतो, बोलणं अर्धं पळवून नेतो. बाबांच्या कानटोपीतून फक्त नाक बाहेर. पायाखालचं गवत आखूड आणि इतकं दाट की जाड सतरंजीवरून चालल्यासारखं वाटतं; त्यात बारीक जांभळ्या फुलांचा रानथाइम, चुकून पाय पडला की ओव्यासारखा वास येतो. आम्ही दोघांनीही एकदमच म्हटलं, ओवा. वर कुठेतरी चंडोल अडकला होता, दिसत नव्हता, फक्त आवाज, शिवणयंत्र न थांबता चालावं तसा. आणि आमच्या पायांच्या पातळीवर, म्हणजे खरंच आमच्याहून खाली, एक लाल घार पंख न हलवता तरंगत होती. आपण वर आणि घार खाली, हे सुख छोट्या टेकडीवरही तितकंच असतं.

माथ्यावर किल्ला आहे असं मी बाबांना आधीच सांगून ठेवलं होतं, ती माझी चूक. अफिंग्टन कॅसल. रत्नदुर्गाच्या सावलीत वाढलेला माणूस किल्ला म्हटल्यावर तट शोधतो, बुरूज शोधतो, दिंडी दरवाजा, पाण्याचं टाकं, निदान एक मारुती. इथे मातीचा एक वाटोळा बांध, बाहेरून खंदक, आत आठ एकरांचं रिकामं गवत. लोहयुगातला, इसवी सनाच्या सातशे-एक वर्षं आधीचा. बाबांनी बांधावरून पूर्ण फेरी मारली, देवळाला प्रदक्षिणा घालावी तशी, उजवीकडून. शेवटी म्हणाले, "पाण्याची सोय नाही. महाराजांनी नापास केला असता."

खाली घोड्याच्या वरच्या बाजूला आलो तर घोडाच नाही. हे मला माहीत असूनही दर वेळी फसायला होतं. जिथे उभं राहून पाहावं तिथून फक्त एक पांढरा पट्टा दिसतो, दीड-दोन मीटर रुंद, वळत-वळत उताराआड गेलेला. हे डोकं? ही मान? की पाय? एका रेघेच्या इतक्या जवळ गेलं की चित्र पुसलं जातं. तेवढ्यात आईचा फोटो आला फोनवर, खालून काढलेला, घोड्याभोवती लाल गोल केलेला. "हा बघा घोडा. तुम्ही कुठे आहात?" आम्ही फोटो मोठा करून करून पाहिला. आम्ही कुठेच नव्हतो.

बाबांना लगेच आमच्याकडची कातळशिल्पं आठवली. सड्यांवर कोरलेले ते हत्ती, मासे, मोर, माणसं. लहानपणी ते गुरं घेऊन ज्या कातळावरून जायचे तिथे खोदलेल्या रेषा होत्याच, पण त्या म्हणजे चित्र आहे हे उभ्याने कळायचंच नाही. कशेळीचा हत्ती तर अठरा मीटर लांब आहे. त्याच्या पोटात उभं राहून तो हत्ती आहे हे कुणाला सुचणार? "मग ज्यांनी काढलं त्यांनी तरी कुठून पाहिलं?" बाबांचा प्रश्न. दोन्हीकडे उत्तर नाही. पण एक फरक आहे, आणि घरी आल्यावर कित्येक दिवस तो मला छळत होता. कातळ एकदा कोरला की विसरला तरी चालतो. हजारो वर्षं गवताखाली, मातीखाली, गुरांच्या खुरांखाली राहतो, आणि कुणी झाडू घेऊन आलं की पुन्हा दिसतो. या घोड्याचं तसं नाही. तो म्हणजे खणलेले चर, ज्यांत ठेचलेला खडू भरलाय. कडेचं गवत आत सरकत राहतं, पावसाने वरची माती उतरत राहते. एका माणसाच्या उमेदीत, वीस-तीस वर्षांत कुणी हात लावला नाही, तर घोडा गेला. आणि गेला म्हणजे गेलाच. म्हणजे आज तो दिसतो याचा अर्थ असा की तीन हजार वर्षांत एकही पिढी अशी झाली नाही जिने पूर्ण अंग काढून घेतलं.

तीन हजार हा आकडा मी हवेतून आणलेला नाही. पूर्वी लोक म्हणत, आल्फ्रेड राजाने ८७१ साली डेन लोकांना हरवलं त्याची ही आठवण. १९९०च्या दशकात पुराविदांनी चरांच्या तळातली माती काढली आणि तिच्यातल्या वाळूच्या कणांना विचारलं की तुम्ही शेवटचं ऊन कधी पाहिलंत. खरोखर असंच असतं ते. क्वार्ट्झचा कण अंधारात पुरला की आजूबाजूच्या किरणोत्साराची ऊर्जा साठवत राहतो. प्रयोगशाळेत त्याच्यावर प्रकाश पाडला की तो साठा उजेड होऊन बाहेर पडतो, आणि साठ्यावरून अंधारातली वर्षं मोजता येतात. उत्तर आलं: इ.स.पू. १३८० ते ५५०च्या दरम्यान. म्हणजे ज्यांनी घोडा काढला त्यांची भाषा गेली, देव गेले, नावं गेली. त्यानंतर रोमन आले, सॅक्सन आले, नॉर्मन आले. यातल्या कुणाचाच तो घोडा नव्हता. तो का काढलाय हे त्यांना माहीत नव्हतं. तरी दर काही वर्षांनी कुणीतरी कुदळ घेऊन वर चढत राहिलं. अकराव्या शतकात ॲबिंग्डनच्या मठाच्या दस्तऐवजांत ही जागा 'पांढऱ्या घोड्याचा डोंगर' म्हणूनच येते. मठातले साधू, आणि कुठल्या तरी जुन्या, कदाचित पाखंडी घोड्याच्या नावाने जमिनीची नोंद करतायत.

साफसफाईची पुढे जत्राच झाली. घोड्याच्या डोक्याखाली डोंगराच्या पोटात एक खोल कोरडी घळ आहे, तिला 'गव्हाण' म्हणतात, मॅन्जर. हिमयुगात जमीन गोठून दगडासारखी झाली होती, पाणी मुरायला जागा नव्हती, तेव्हा वितळलेल्या बर्फाने ती कापली. एका बाजूच्या उतारावर अजूनही सुरकुत्या आहेत, राक्षसाच्या पायऱ्यांसारख्या. गोष्ट अशी की चांदण्या रात्री घोडा उतरून तिथे चरायला जातो. शेजारी एक छोटी टेकडी, माथा कुणीतरी कापून सपाट केलेला; सेंट जॉर्जने तिथे ड्रॅगन मारला, रक्त सांडलं तिथे गवत उगवत नाही. खरंच एक बोडका पांढरा डाग आहे. बाबा म्हणाले, आमच्याकडे भीमाची पावलं असतात तसं. तर घोडा साफ केला की गावकऱ्यांचे खेळ व्हायचे: कुस्ती, काठ्यांची झुंज, तेल लावलेल्या खांबावर चढणं, आणि या गव्हाणीच्या उतारावरून चीजचं चाक सोडून त्याच्यामागे धावणं. शेवटची मोठी जत्रा झाली ती सप्टेंबर १८५७ मध्ये.

हा आकडा मी बाबांना सांगितला तेव्हा ते चालता चालता थांबले. इतिहासही तेच शिकवायचे, छोट्या शाळेत एकच मास्तर सगळं शिकवतो. "सप्टेंबर सत्तावन्न," ते म्हणाले. "म्हणजे दिल्ली पडली तो महिना." पुढे काही बोलले नाहीत. आम्ही त्या घळीत बघत उभे राहिलो. मेंढ्या होत्या. खाली शेतं, चर्चचा अष्टकोनी मनोरा, एक ट्रॅक्टर. इतकी निवांत जागा, की राग आणायचा तर बाहेरून आणावा लागेल, आणि आणला तरी ठेवायचा कुठे? इथे चीजमागे धावणाऱ्या मेंढपाळाला दिल्ली कुठे आहे हे तरी ठाऊक असेल का. की त्याचा भाऊ तिथे पलटणीत होता? मला दोन्ही गोष्टी एकदम वाटत राहतात या देशात, आणि गेल्या चौदा वर्षांत त्यांतली एकही कमी झालेली नाही. दुसऱ्या महायुद्धात जर्मन वैमानिकांना खूण मिळू नये म्हणून घोडा गवताच्या ढेकळांनी आणि फांद्यांनी झाकून टाकला होता, हे वाचलं तेव्हा मात्र मला पहिल्यांदा त्याची काळजी वाटली. घोड्याची. साम्राज्याची नाही.

परतताना त्या पायवाटेवर खडूचा तुकडा सापडला, आणि मग जे झालं ते झालं.

त्या रात्री बाबांची विजार धुवायला टाकताना मांडीवर दोन पांढरे पंजे उमटलेले दिसले. हात झटकून उरलेला खडू त्यांनी तिथे पुसला होता. शाळेतून यायचे तेव्हा आई यावरूनच ओरडायची. मी मशीनचं झाकण लावलं, बटण दाबलं. बाहेर ते टीव्हीवर हवामान पाहत होते. सॉरी म्हणायला आमच्या घरात शब्द नाही. त्याऐवजी "चहा टाकू का" असं म्हणतात. मी म्हणाले. ते म्हणाले, "टाक."

जुलैत ते परत गेले, आणि त्याच महिन्याअखेर मी मुलाला घेऊन पुन्हा टेकडीवर गेले. ही जागा आता नॅशनल ट्रस्टच्या, म्हणजे जुन्या वास्तू-जागा जपणाऱ्या संस्थेच्या, ताब्यात आहे आणि उन्हाळ्यात ते लोकांना घोडा साफ करायला बोलावतात. कुणीही यावं. गुडघ्याला बांधायला स्पंजच्या गाद्या, हातात हातोडा, बादलीत खडूचे तुकडे. आधी कडेचं गवत आणि शेवाळ काढायचं, मग पट्ट्यात तुकडे पसरायचे आणि ठेचायचे, ठेचत राहायचं, पिठासारखे होऊन खालच्याशी एकजीव होईपर्यंत. आमच्या वाट्याला मागच्या एका पायाचा भाग आला असं सांगण्यात आलं. मला तर तो पायही वाटत नव्हता, नुसती ओटीवर सारवायला घेतलेली जागा. आणि हात त्याच लयीत गेले. आजी शेणाने अंगण सारवायची तेव्हा तिच्या मागे मागे उकिडवं सरकताना जशी पाठ दुखायची तशीच दुखली. उन्हात त्या पांढऱ्याकडे पाहून डोळे दिपतात, नाकात ओल्या भिंतीचा वास, चुना लावल्यावर येतो तो. सगळीकडून ठक-ठक-ठक, कुणी बोलत नाही. मे महिन्यात गावी पाऊस यायच्या आत घरं शाकारायला घेत, तेव्हा कौलांचा असाच आवाज वाडीभर यायचा. कुणी विचारायचं नाही की दर वर्षी काय हे. घर आहे म्हटल्यावर शाकारायचं.

शेजारी एक पांढऱ्या दाढीचे स्वयंसेवक होते, त्यांना मी विचारलं की हा खडू घोड्याचाच का, म्हणजे या डोंगरातला. ते म्हणाले, छे, खाणीतून येतो ट्रकने. मी म्हटलं, मग पायवाटेवरचे तुकडे? त्यांनी हातोड्यानेच दक्षिणेकडे दाखवलं. तिथे नांगरलेलं शेत होतं. तपकिरी मातीत लक्षावधी पांढरे तुकडे, जणू वरून कुणी मुरमुरे उधळलेत. "बादलीभर हवा असेल तर शेतकरी आभार मानेल," ते म्हणाले.

मी तशीच ठेचत राहिले. मुलाने विचारलं, "आई, तुला काय झालं?" मी म्हटलं, धूळ गेली डोळ्यात. गेलीही होती.

खडू म्हणजे काय, तर सूक्ष्म शैवालांची कवचं, कोमट समुद्राच्या तळाशी हजार वर्षांत जेमतेम बोटभर या चालीने साचलेली, दहा कोटी वर्षांपूर्वीपासून पुढची काही कोटी वर्षं. ते इथलं साचणं संपत आलं, आणि त्यानंतर थोड्याच काळाने, म्हणजे भूशास्त्राच्या हिशेबात थोड्या, साडेसहा कोटी वर्षांपूर्वी आपल्याकडे लाव्हा फुटला आणि सह्याद्री झाला. आधी पांढरं, मग काळं. आधी खडू, मग फळा. हे मी बाबांना फोनवर सांगितलं तेव्हा ते खूश होतील असं वाटलं होतं. ते म्हणाले, "फळा लाकडाचा असतो गो. आणि आम्ही वापरला तो खडू जिप्समचा."

डिसेंबरात गावी गेले तेव्हा सामानात त्या शेताच्या बांधावरचा एक तुकडा होता, मोज्यात गुंडाळलेला. बाबांनी तो हातात घेतला, वजन केलं, माझ्याकडे पाहिलं, काही म्हणाले नाहीत. आत जाऊन माझ्या मुलासाठी माळ्यावरून काढून ठेवलेली जुनी दगडी पाटी घेऊन आले. पडवीत बसून, पाटी मांडीवर घेऊन, उजव्या कोपऱ्यात वर त्यांनी तारीख लिहायला घेतली, मग वार. दुसऱ्या अक्षरालाच तुकडा करकरला, दात शिवशिवले. त्यांनी बाजू बदलून पाहिली. पुन्हा करकर. पाटीवर एक ओरखडा उठला, तो त्यांनी अंगठ्याने चोळून पाहिला.

"कडक आहे," ते म्हणाले. "खर आहे आत. पोरांच्या कामाचा नाही."

आई सुपात तांदूळ घेऊन बसली होती, तिने हात पुढे केला. तो तुकडा पाहिला, हुंगला, आणि मागच्या दारी घेऊन गेली. खलबत्त्याचा आवाज बराच वेळ येत होता. दुसऱ्या दिवशी सकाळी मी उठले तेव्हा तुळशीपुढे रांगोळी होती, नेहमीचीच, चार ठिपक्यांची, आणि तिच्या एका कोपऱ्यावरून शेजारची कोंबडी नुकतीच चालत गेली होती.

"पिवळट आहे तुझा दगड," आई चुलीपाशून म्हणाली. "शिरगोळ्याची सर नाही."